होगा या टगला, म्हणजे जहाजे ओढणाऱ्या-ढकलणाऱ्या बोटीला, एवढा मान कशासाठी?

गोदीकर: ‘पर्ल हार्बरची होगा ही निव्वळ ढकलबोट, तिला राष्ट्रीय ऐतिहासिक वास्तूचा दर्जा देणे हा अमेरिकी भाबडेपणा आहे’, असे काल येथे कोणी लिहिले, म्हणून सविस्तर उत्तर देणे भाग आहे. ७ डिसेंबर १९४१ रोजी पर्ल हार्बर या अमेरिकी नौदलतळावरील जपानी हल्ल्यात पेटलेल्या ॲरिझोना या युद्धनौकेला खेटून असलेले व्हेस्टल हे दुरुस्तीजहाज होगाने ओढून बाहेर काढले, मग हॉस्पिटल पॉइंटच्या काठाला रुतलेल्या नेवाडा या युद्धनौकेची आग विझवत तिला पलीकडच्या काठाकडे ढकलत नेले, आणि त्यानंतर सुमारे ७२ तास ती युद्धनौकांच्या आगींशी झुंजत राहिली. ही बोट जेमतेम १०० फुटांची होती आणि सेवेत येऊन तिला सात महिनेही झाले नव्हते.

शंकेखोर: ते मीच लिहिले आणि त्यावर ठाम आहे. ॲरिझोनाच्या स्फोटाने पाण्यात फेकले गेलेले व्हेस्टलचे प्रमुख कमांडर कॅसिन यंग पोहत परतले, जहाज सोडण्याचा हुकूम त्यांनी रद्द केला, म्हणून व्हेस्टल वाचले. नेवाडाही तिच्याच खलाशांनी किनाऱ्याला लावली होती. श्रेय टगला का?

गोदीकर: कारण ॲरिझोनाच्या ज्वाळांतून व्हेस्टलचे नाक वळवायला दोर लागला, निव्वळ धैर्य नव्हे. फेब्रुवारी १९४२ मध्ये अमेरिकेच्या पॅसिफिक आरमाराचे प्रमुख ॲडमिरल निमिट्झ यांनी होगाचे प्रमुख जो मॅकमॅनस यांचा व खलाशांचा गौरव केला. तेही भाबडेच असावेत!

सारंगपुत्र: माझे वडील टगवर सारंग होते. ते म्हणत की टग तयार असते, हुकूम तयार नसतो. १४ एप्रिल १९४४ ला मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत कापूस आणि सुमारे १,४०० टन स्फोटके भरलेली फोर्ट स्टिकिन ही मालवाहू बोट पेटली. इंजिन दुरुस्तीसाठी उघडलेले असल्याने ती टगशिवाय हलणे अशक्य होते, पण बाहेर ओढायची, बुडवायची की जागीच विझवायची, याचा निर्णय स्फोट होईपर्यंत कोणी घेतला नाही. अग्निशमन दलाचे ६६ जवान गेले. होगाचा मान मला तेव्हापासून कळतो.

शंकेखोर: प्रत्येक चर्चा मुंबईला आणून बांधायची हा येथला जुना रोग आहे. ती गोदी भरतीच्या वेळीच जहाजे आत-बाहेर सोडणारी. पर्ल हार्बरला पाणी मोकळे होते. वडिलांच्या आठवणी हा पुरावा नव्हे.

सारंगपुत्र: भरतीची अडचण मान्य, पण म्हणून निर्णयच टाळायचा? आणि वडिलांबद्दल जपून लिहा.

गोदीकर: दोघेही शांत व्हा. तुलना अपुरी असली तरी गैरलागू नाही, कारण पेटलेल्या जहाजाजवळून शेजारचे जहाज वेळेत हलवणे हेच होगाने करून दाखवले.

शंकेखोर: ठीक, १९४८ पासून ओकलंडमध्ये तिने चार दशकांहून अधिक काळ अग्निबोट म्हणून जी चाकरी केली, तिच्यासाठी मी टोपी काढतो, पर्ल हार्बरसाठी नव्हे. आणि एवढाच मान होता, तर १९९४ ला नौदलाकडे परतल्यावर २०१५ पर्यंत तिला घर का मिळाले नाही, आणि मिळाले ते समुद्रापासून दूर आर्कान्सा नदीकाठी, नॉर्थ लिटल रॉकला का? त्याचे उत्तर द्या, मग स्मारकाचे बोलू.