काकडीची गार कोशिंबीर पाणचट का होते?

फ्रीजमध्ये ठेवलेली कोशिंबीर तासाभरात पाणी सोडते. दोष दह्याचा नाही, मिठाचा आहे. मीठ लागलं की काकडी पाणी सोडणारच, मग ते आधीच काढून घ्या. दोन मध्यम काकड्या टोकं चाखून (कडू निघाली तर सगळं वाया) बारीक चोचवा (सुरीने उभे-आडवे वार करून बारीक तुकडे करा), किसू नका. किसाचा लगदा होतो. अर्धा चमचा मीठ लावून २० मिनिटं चाळणीत ठेवा आणि मुठीत घट्ट पिळा. निघालेलं पाणी भाकरीच्या पिठात घाला, पण मग पिठात मीठ नको.

पाऊण वाटी चक्का, दोन चमचे साय, चिमूटभर साखर एकत्र घोटा. चक्क्यासाठी सोलापूरच्या मे महिन्यात दही बाहेर टांगलं तर आंबतंच, म्हणून दह्याचा पंचा चाळणीवर ठेवून फ्रीजमध्येच निथळू द्या, चार तास. तूप-जिरं-मिरचीची फोडणी पूर्ण गार झाल्यावरच घाला. गरम ओतली तर दही फुटू शकतं. शेंगदाण्याचं कूट मात्र वाढताना, नाहीतर ते फुगून कोशिंबीर घट्ट गोळा होते. कडक भाकरी आणि शेंगाचटणीशेजारी ही हवीच!