मदत हवी आहे: सातबाऱ्यावर 'खाजगी वन' असताना आईने रिडेव्हलपमेंटसाठी घर रिकामं करावं का?

नमस्कार. आईचं घर मुलुंड पश्चिमेला, डोंगराच्या अंगाला. बाबांनी १९९४ साली पीएफ काढून घेतलं. सीसी (बांधकामाची परवानगी) आहे, ओसी (राहायला जायची परवानगी) आहे, मालमत्ता कर कधी चुकला नाही. २००६ च्या सुमारास शेजारचे काका घर विकायला निघाले, तेव्हा कळलं की जमिनीच्या सातबाऱ्यावर इतर हक्कात 'खाजगी वन' असा शेरा पडलाय. बाबांची त्या वर्षी झोपच उडाली होती. २००८ ला या शेऱ्याच्या वादात हायकोर्टात सरकारच्या बाजूने निकाल लागला, ३० जानेवारी २०१४ ला सुप्रीम कोर्टाने तो फिरवला. सोसायटीत पेढे वाटले आणि त्या आनंदात सातबारा दुरुस्त करून घ्यायचं राहून गेलं. बाबा २०१९ ला गेले.

आता रिडेव्हलपमेंट. टायटल सर्चमध्ये, म्हणजे मालकीचे कागद तपासताना, शेरा अजून तसाच दिसला. डेव्हलपर म्हणतो, "निकाल लागलाय, फेरफार होत राहील, तुम्ही एसजीएममध्ये (सोसायटीच्या विशेष सभेत) ठराव करून घरं रिकामी करा." आई ७६ वर्षांची आहे. तिने मला विचारलं, "मी भाड्याच्या घरात गेले आणि मागे कोर्टाने काम अडवलं तर?" मला उत्तर देता आलं नाही.

धास्तीचं कारण सांगते. फरीदाबादच्या कांत एन्क्लेव्हबद्दल वाचलं. तिथेही नगररचना खात्याच्या परवानग्या होत्या. तरी अरवलीची ती जमीन वन ठरली आणि ११ सप्टेंबर २०१८ ला सुप्रीम कोर्टाने बांधकामं पाडायला सांगितली. घर बांधलेल्यांना ५० लाख, नुसते प्लॉट घेतलेल्यांना १८ टक्के व्याजाने पैसे परत. आईच्या वयाच्या माणसाने ते पैसे घेऊन जायचं कुठे?

आणि कोर्टाने जंगलात बांधकाम अडवू नये असं माझं अजिबात म्हणणं नाही. ऑक्टोबर २०१९ मध्ये आरेतली झाडं रातोरात पडत होती तेव्हा सुप्रीम कोर्टाच्या स्थगितीकडे मी डोळे लावून बसले होते. आमची इमारत खरंच वनजमिनीवर असेल तर तेही मला आधी कळायला हवं.

कोणते कागद मागवू? कोणाला हा अनुभव आहे का?

प्रतिसाद १

ताई, आम्ही नाहूरला याच फेऱ्यातून गेलो. मी वकील नाही, पण दहा वर्षं फाइल सांभाळली आहे.

२०१४ चा निकाल म्हणजे सरसकट माफी नव्हे. १९७५ च्या खाजगी वने (संपादन) कायद्याने ३० ऑगस्ट १९७५ ला खाजगी वनं सरकारजमा झाली. कोणती जमीन खाजगी वन, याच्या व्याख्येत १९२७ च्या भारतीय वन अधिनियमाच्या कलम ३५(३) ची नोटीस निघालेली जमीनही येते. मुंबईत अशा नोटिसा १९५०च्या दशकातल्या. २०१४ ला सुप्रीम कोर्ट म्हणालं, नोटीस नुसती निघून भागत नाही, ती मालकाला बजावलेली हवी आणि कारवाई जिवंत हवी. वीस-वीस वर्षं पडून राहिलेल्या नोटिशीवर जमीन घेता येत नाही. म्हणून तुमचं सगळं त्या एका कागदावर आहे. तुमच्या सर्व्हे नंबरची नोटीस होती का, कोणाच्या नावे, पोच कुठे आहे, पुढे अंतिम अधिसूचना निघाली का?

जिल्हाधिकारी कार्यालयात आणि वनखात्यात वेगवेगळे माहिती अधिकाराचे अर्ज टाका. आम्हाला एकाकडून 'अभिलेख उपलब्ध नाही' आलं आणि दुसऱ्याकडून नोटिशीची प्रत! शेरा ज्या फेरफाराने पडला त्याची नक्कलही काढा. जमीन खाजगी वन आहे की नाही हा वाद १९७५ च्या कायद्याच्या कलम ६ खाली जिल्हाधिकारी ठरवतात, सोसायटीने तिथे अर्ज करावा.

कांत एन्क्लेव्हशी घाईने तुलना करू नका. तिथे १८ ऑगस्ट १९९२ ची अधिसूचना रीतसर निघालेली होती आणि पाडायची बांधकामं तिच्यानंतरची. दोन्ही निकाल न्या. मदन लोकूर यांनी लिहिलेले आहेत, सवड काढून दोन्ही वाचाच.

प्रतिसाद २

त्यात एक भर. सुप्रीम कोर्टाच्या १२ डिसेंबर १९९६ च्या गोदावर्मन आदेशानुसार 'वन' शब्दाचा कोशातला अर्थ धरतात, मालकी कोणाचीही असो. त्यामुळे शेरा काढला गेला तरी सरकारी नोंदीत जमीन आणखी कुठे वन आहे का ते पाहा. संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाच्या इको-सेन्सिटिव्ह झोनची (भोवतीच्या निर्बंध असलेल्या पट्ट्याची) ५ डिसेंबर २०१६ ची अधिसूचनाही आहे, ती हद्द कुठे १०० मीटर तर कुठे ४ किलोमीटर. सर्व्हे नंबर तिथेही ताडून घ्या.

आणि आईंना सांगा, चावी द्यायची नाही. शेरा काढला जाऊन नवी सीसी हातात आल्यावरच घर रिकामं करू, हे करारात लिहून घ्या. तोंडी आश्वासन नको.

धागाकर्ती

दोघांचे मनापासून आभार. आज बाबांची पिशवी उघडली. १९९४ च्या करारात सर्व्हे नंबर आहे, हिस्सा नंबर नाही. तो नसेल तर अर्ज परत येईल ना?

प्रतिसाद १

येईल. सीसीबरोबरचा मंजूर नकाशा शोधा, आमच्या नकाशावर कोपऱ्यात हिस्सा नंबर होता. नाही सापडला तर पालिकेच्या इमारत प्रस्ताव विभागातून प्रत मिळते.

धागाकर्ती

सापडला. सोमवारी सेक्रेटरींना घेऊन तलाठी कार्यालयात जाते. आईला तोवर कुठेही सही करू नकोस म्हणून सांगितलंय.