सासूबाईंच्या पोटाच्या डायलिसिसच्या नळीपाशी पू आलाय, सोमवारपर्यंत थांबू का?

द्राक्षबाग_पिंपळगाव

नमस्कार. आम्ही पिंपळगाव बसवंतच्या अलीकडे मळ्यात राहतो. सासूबाई ६१ वर्षांच्या, शुगरमुळे किडन्या गेल्या. आठवड्यातून तीनदा नाशिकला रक्ताच्या डायलिसिसला नेणं बागेच्या हंगामात जमेना, म्हणून डॉक्टरांनी पोटाचं डायलिसिस सुचवलं. त्याला वर्ष होऊन गेलं. दिवसाला चार बॅगा, म्हणजे चार वेळा नळीतून पोटात औषधी पाणी सोडायचं आणि नंतर काढायचं, सगळ्या मीच करते.

परवा ड्रेसिंग बदलताना नळी जिथून बाहेर येते तिथे लाल दिसलं. काल गॉजवर पिवळा डाग होता आणि आज कडेला थेंबभर पू. हात लावला की दुखतं. ताप नाही, पोट दुखत नाही, बाहेर येणारं पाणी नेहमीसारखं स्वच्छ आहे. आज शुक्रवार, डॉक्टरांची वेळ सोमवारची. गावातला मेडिकलवाला म्हणतो पाच दिवसांच्या अँटिबायोटिकच्या गोळ्या घेऊन जा. शेजारच्या काकू म्हणतात हळद भरा. काय करू? आणि या सगळ्यात सासूबाईंचं एकच पालुपद, सिंहस्थात रामकुंडावर स्नान करायचंच.

सिडकोकर

थांबू नका आणि दाबून पू काढू नका. आमच्या वडिलांचं दुखणं अंगावर काढलं गेलं आणि शेवटी नळीच काढावी लागली. आजच फोन करा.

जेलरोडचे_आजोबा

ताई, मी डॉक्टर नाही. नोटप्रेसमधून निवृत्त झालो आणि लगेच किडनीने नवी नोकरी लावून दिली. माझ्या बॅगा मी स्वतःच करतो. त्यातून जे कळलंय ते लिहितो.

पू दिसला म्हणजे संसर्ग धरायचाच. नुसतं लाल असतं तर नळीला ओढ बसली असेल, चिकटपट्टी सोसली नसेल, काहीही म्हणता आलं असतं. पू आल्यावर तो वाद संपला. तुमच्या युनिटच्या पीडी, म्हणजे पोटाच्या डायलिसिसच्या, सिस्टरचा नंबर असेलच, त्यांना आत्ता फोटो पाठवा आणि उद्या सकाळीच गाडी काढा. रात्री धावपळ करू नका, कारण पाणी स्वच्छ आहे आणि पोट शांत आहे. यातलं एकही बदललं, म्हणजे बॅग गढूळ आली किंवा पोट दुखायला लागलं, तर मात्र रात्रीचे दोन वाजले असले तरी निघायचं. ताप येण्याची वाट बघायची नाही, तो कित्येकदा येतच नाही.

गढूळ कसं ओळखायचं? भरलेली ड्रेन बॅग छापील कागदावर ठेवायची, खालची अक्षरं वाचता आली पाहिजेत. मी कालनिर्णयच्या जुन्या पानावर ठेवतो. शंका आली तर ती बॅग मोरीत ओतू नका, क्लिप लावून तशीच सोबत न्या. लॅब त्यातल्याच पाण्यातल्या पांढऱ्या पेशी मोजते. त्या एका मायक्रोलिटरमागे १०० च्या वर आणि त्यातल्या निम्म्याहून जास्त न्यूट्रोफिल जातीच्या निघाल्या, की पोटाच्या पडद्याला संसर्ग झाला असं धरून लगेच उपचार सुरू करतात, कल्चरच्या, म्हणजे जंतू वाढवून ओळखायच्या तपासणीच्या, रिपोर्टसाठी थांबत नाहीत. तिथे औषध बहुतेक वेळा बॅगेत घालूनच पोटात सोडतात. तुमचं प्रकरण अजून बाहेरच्या बाहेर आहे. ते आत शिरू द्यायचं नाही, एवढ्यासाठीच ही घाई.

मेडिकलवाल्याच्या गोळ्या नकोत. पहिली गोळी पोटात जायच्या आधी पुवाचा स्वॅब लॅबला गेला पाहिजे. गोळी आधी घेतली की कल्चरमध्ये काही उगवत नाही, आणि मग डॉक्टरांनाही अंदाजाने चालावं लागतं. अंदाज इथे महागात पडतो. नाकात आणि कातडीवर राहणारा स्टॅफिलोकोकस ऑरियस निघाला तर किमान दोन आठवडे औषध. स्यूडोमोनास निघाला तर किमान तीन, आणि बऱ्याचदा जोडीने दोन औषधं. पाच दिवसांचा कोर्स यांपैकी कशालाच पुरत नाही. वरचं लाल तेवढं ओसरतं, आपण खूश होतो आणि महिन्याभरात तेच पुन्हा डोकं वर काढतं. आणखी एक, सिप्रोफ्लॉक्सासिन लिहून दिलं तर कॅल्शियमच्या, लोहाच्या आणि फॉस्फरस कमी करायच्या गोळ्यांशी त्याचं जमत नाही. एकत्र घेतल्या तर औषध अंगात भिनतच नाही. वेळा डॉक्टरांकडून कागदावर लिहून घ्या.

हळद दुधात घाला. नळीच्या भोकात हळद, पावडर, खोबरेल, यातलं काहीच भरायचं नाही. हायड्रोजन पेरॉक्साइडही नाही, त्याने नवी कातडी भाजते. खपली नखाने खरवडायची नाही. सलाइनने ओलं केलेलं गॉज थोडा वेळ ठेवा, सुटली तर सुटली.

आता माझा आवडता विषय, परकराची नाडी. राग मानू नका, पण सासूबाई साडी नेसत असतील तर नाडी नेमकी कुठे बसते ते एकदा बघा. नळीला कातडीखाली दोन कापडी कडी असतात, डॉक्टर त्यांना कफ म्हणतात. त्यांच्यात मांस वाढतं, नळी धरून ठेवतं आणि जंतूंची आत जायची वाट बुजते. नाडीने नळी रोज दाबली, किंवा उठताबसता ओढली, की तोंडाशी बारीक जखम होते आणि जंतूंना दार उघडं मिळतं. म्हणूनच ऑपरेशनच्या आधी पेशंटला उभं करून, बसवून, रोजच्या कपड्यांत बघून जागेवर खूण करायची असते. लोक कुठल्या कंपनीचं मलम चांगलं यावर तासभर बोलतात आणि नळी मात्र पदराखाली लोंबकळत असते. ती तोंडापासून थोड्या अंतरावर पट्टीने कातडीला चिकटवून ठेवा, किंवा सुती पट्टा मिळतो तो बांधा. आमच्या ओळखीतल्या एका आजींनी गाऊन घालायला साफ नकार दिला, तेव्हा सुनेने परकराला नाडीऐवजी रुंद इलॅस्टिक शिवून दिलं, तेही वर, बरगड्यांच्या खाली बसेल असं. आजी खूश, नळीही खूश.

द्राक्षबाग_पिंपळगाव

काका, नाडी अगदी तिथेच बसते! आत्ता बघून आले. सिस्टरना फोटो पाठवला, उद्या सकाळी नऊला बोलावलंय, येईपर्यंत कुठलीही गोळी देऊ नका म्हणाल्या. अजून दोन शंका आहेत. आंघोळ चालेल का? आणि आमच्याकडे निफाडची थंडी, बॅग गार असली की त्यांना पोटात हुडहुडी भरते. गावात एक जण म्हणतो बॅग गरम पाण्याच्या बादलीत बुडवून ठेवा.

डायलिसिस_सिस्टर

मी एका डायलिसिस युनिटमध्ये काम करते, तुमच्या नाही. काकांच्या लिहिण्यात थोडी भर घालते.

बादली नको. बुडवलेल्या बॅगेच्या तोंडाशी पाणी राहतं आणि जोडताना तेच आत जातं. मायक्रोवेव्हही नको, एक भाग उकळता आणि एक गार राहतो. बाहेरचं वेष्टन न काढता कोरड्या उष्णतेने कोमट करा, हीटिंग पॅड चालतो.

आंघोळीचं उद्या डॉक्टर जखम बघून सांगतील. पुढे कायमचं म्हणाल तर वाहत्या पाण्याखाली चालते, पण मळ्यात हौदात किंवा ड्रममध्ये साठवलेलं पाणी त्या जागेवर तांब्याने ओतू नका. स्यूडोमोनास असल्या साठलेल्या ओलाव्यात मजेत राहतो. आंघोळ झाली की जागा स्वच्छ कपड्याने टिपून पूर्ण कोरडी करायची, मग मलम.

उद्या डॉक्टरांना तीन गोष्टी विचारा. पहिली, टनेल. नळी कातडीखालून जिथून जाते तिथे कडक, सुजलेलं किंवा दुखरं लागतंय का, आणि सोनोग्राफी करायची का. टनेलमध्ये पू असेल तर औषध तीन आठवड्यांच्या आत थांबवत नाहीत. दुसरी, अँटिबायोटिक चालू असताना बुरशीचा संसर्ग होऊ नये म्हणून निस्टॅटिन किंवा फ्लुकोनाझोल द्यायचं का. बुरशी पोटात शिरली तर नळी काढण्यावाचून इलाज नसतो. तिसरी, नळी सिलिकॉनची आहे की पॉलीयुरेथेनची. नळीच्या तोंडाशी लावायच्या मुपिरोसिनच्या जंतुनाशक मलमात पॉलीएथिलीन ग्लायकॉल असेल तर पॉलीयुरेथेनची नळी हळूहळू झिजून तडकते. सिलिकॉनला काही होत नाही.

आणि नळी काढायची वेळ आली तरी लगेच खचू नका. योग्य औषध तीन आठवडे देऊनही बरं झालं नाही तर ती काढतात, पण आतलं पाणी स्वच्छ असेल तर त्याच ऑपरेशनमध्ये दुसऱ्या जागी नवीन बसवता येते. रक्ताच्या डायलिसिसवर जावंच लागतं असं नाही.

ओझरकर

आमच्या आत्याला रोज जेन्टामायसिनचं क्रीम लावायला सांगितलंय, इथे सगळे मुपिरोसिन म्हणतायत. बरोबर कोणतं?

जेलरोडचे_आजोबा

दोन्ही वापरतात. डॉक्टरांनी लिहिलंय तेच आणि रोज. मनाने बदलू नका, आणि बरं वाटतंय म्हणून बंदही करू नका.

द्राक्षबाग_पिंपळगाव

उशिरा लिहितेय, बागेत छाटलेल्या काड्यांचं काम चालू होतं. शनिवारी स्वॅब घेतला आणि त्यानंतरच गोळ्या सुरू केल्या. कल्चरमध्ये स्टॅफिलोकोकस ऑरियस आला, सुरू केलेलं औषध त्यावर चालतं म्हणाले. सोनोग्राफीत टनेल स्वच्छ. नळी सिलिकॉनची आहे. गंमत म्हणजे सिस्टरनी सासूबाईंच्या आणि माझ्याही नाकातला स्वॅब घेतला, माझ्याच नाकात तो जंतू निघाला. मला आता नाकात लावायचं मलम दिलंय. बॅग करताना मी मास्क लावतेच, पण आता सासूबाईंनाही लावायला लावते. खोलीचं दार-खिडकी बंद, पंखा बंद, आणि बाहेर ब्लोअरने फवारणी चालू असेल तर ती संपेपर्यंत बॅग जोडत नाही. मांजराला त्या खोलीत मनाई केलीय, तिला ते अजिबात पटलेलं नाही.

पू थांबलाय, लाली कमी आहे. परकराला इलॅस्टिक लावलं. रामकुंडाचं मात्र त्या ऐकेनात.

जेलरोडचे_आजोबा

मनीमाऊचा निर्णय बरोबर. मांजराच्या दातांनी नळीला बारीक भोक पडल्याच्या आणि तिच्या तोंडातल्या जंतूंनी पोटात संसर्ग झाल्याच्या केसेस डॉक्टर लोकांनी नोंदवलेल्या आहेत.

रामकुंडाचं त्यांना स्पष्ट सांगा, बुडी नाही. नदीचं पाणी, त्यात पर्वणीची गर्दी, आणि पोटावर उघडं तोंड. जागा पूर्ण बरी झाली तरीही नाही. त्या ऐकतील असा एक मार्ग आहे, गुरुजींकडून वदवून घ्या. प्रोक्षण आपल्याकडे शास्त्रात बसतं. दर्भाने चार थेंब मस्तकावर शिंपडले की झालं. आमच्या घरच्या गुरुजींनी मला विनातक्रार सांगितलं, वर दक्षिणा नेहमीचीच घेतली.

गर्दीत न्यायचंच असेल तर २०२७ च्या ऑगस्टमधलं अमृतस्नान टाळून एखादा साधा दिवस बघा. आणि त्या महिन्याच्या बॅगा आधीच मागवून ठेवा. पर्वणीच्या आसपास पंचवटीकडचे रस्ते बंद असतात, डिलिव्हरीची गाडी कुठे अडकून पडेल सांगता येत नाही.