पिशवीचं दूध की गोठ्यातलं?

प्रश्न (धायरी, पुणे): सासूबाई म्हणतात, पिशवीच्या दुधात कस उरत नाही. लेक दीड वर्षाची आहे. गोठ्यातलं धारोष्ण तसंच द्यावं का?

उत्तर: ताई, कच्चं अजिबात देऊ नका! माझ्या भावाला लहानपणी त्यातूनच ब्रुसेलोसिस, म्हणजे जनावरांकडून माणसाला होणारा जंतूंचा आजार, झाला. रोज संध्याकाळी ताप, घामाने उशी ओली. पिशवीच्या दुधाचं पाश्चरायझेशन झालेलं असतं, म्हणजे ते ७२ अंशांवर १५ सेकंद ठेवून लगेच गार करतात. त्यात क्षयाचे जंतूही मरतात. कॅल्शियम, प्रथिनं शाबूत राहतात. क जीवनसत्त्व थोडं घटतं, पण दुधात ते मुळात असतंच किती?

उत्तर: गोठ्याचंच हवं तर आणा, पण ढवळत नीट उकळा. आणि पिशवी आणल्या आणल्या फ्रीजमध्ये.

प्रश्नकर्ती: आत्ताच पातेलं चढवलंय. सासूबाई शेजारी उभ्या राहून ढवळतायत.