मदत हवी आहे : सीएनजी व्हॅन भांडुप–नाशिक–भांडुप फेरीला पुरेल का?

नमस्कार मंडळी. धाकट्या भावासाठी मालवाहू व्हॅन घ्यायची आहे. मसाले-पापडांचा माल, वजन सहाशे किलोच्या आत. रोजचं काम मुलुंड ते दादर, पण आठवड्यातून एकदा नाशिक, म्हणजे जाऊन-येऊन तीनशे किलोमीटर धरा.

शोरूमवाला "टाकी ६० लिटरची" म्हणतो. हे लिटर सिलिंडरमध्ये मावणाऱ्या पाण्याचे! २०० बार दाबाला त्यात गॅस बसतो साधारण १० किलो. भरलेल्या गाडीने किलोला १८ किलोमीटर दिले तरी १८० वर खेळ संपला. आणि संध्याकाळी पंपावर दाब कमी असला की तेवढाही भरत नाही. उन्हाळ्यात, घाईत भरलं की सिलिंडर तापतो, काटा फुल्ल दाखवतो आणि गार झाल्यावर खाली येतो.

काही छोट्या सीएनजी मालगाड्यांत पेट्रोलची टाकी जेमतेम ५ लिटरची असते. ती अडीअडचणीसाठी, कसारा घाट माल घेऊन चढायला नव्हे.

तर विचारायचं असं, की या मार्गावर नियमित जाणारे गॅस कुठे भरतात? शहापूरच्या आधी की थेट नाशकात? पहाटे रांग किती असते? घाटात ॲव्हरेज खरोखर किती पडतं? दुसरा सिलिंडर बसवावा असं एकजण म्हणाला, पण मग माल काय टपावर ठेवायचा? की सरळ डिझेल घ्यावं? कंपनीचे आकडे नकोत, स्वतः चालवणाऱ्यांनीच सांगा.