मदत हवी आहे: परदेशात नाहीसा झालेला पोलीस, धक्क्यावरची जाळी. हा जुना इंग्रजी सिनेमा कोणता?

नमस्कार मंडळी,

एक कृष्णधवल इंग्रजी सिनेमा शोधतेय. बाबांनी तो मुंबईत नोकरीला लागल्यावर सकाळच्या खेळाला पाहिला होता, म्हणजे साठच्या दशकात. आता ते ८४ वर्षांचे आहेत. गेल्या महिन्यात मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं. डोळ्याची पट्टी निघाली त्या दिवशी म्हणाले, "तो जाळ्यांचा सिनेमा एकदा परत बघायचाय." नाव आठवत नाही, नटही नाहीत.

त्यांना आठवतं ते असं: गाव गोव्यासारखं पोर्तुगीजांचं, पण गोवा नव्हे. जुगाराच्या अड्ड्याचा मालक अमेरिकेतून पळून आलेला. त्याला पकडायला न्यूयॉर्कहून पोलीस येतो आणि नाहीसा होतो. पुढे तोच पोलीस फिरता विक्रेता बनून वावरतो, आणि शेवटी रात्री धक्क्यावर टांगलेल्या मासेमारीच्या जाळ्यांतून पळताना मारला जातो. इथेच मी अडकते. आधी नाहीसा झालेला माणूस परत आला कसा?

'तीन मैल' हे शब्द ते सारखे म्हणतात. आणि बोटीवर एक बाई कुणावर तरी सँडल फेकते, ती खिडकीतून बाहेर जाऊन भलत्यालाच लागते. हे सांगताना बाबा हात मागे नेऊन फेकून दाखवतात.

कुणाला ओळखता आला तर फार उपकार होतील.

प्रतिसाद:

ताई, हा 'मकाव', १९५२ चा. दिग्दर्शक जोसेफ फॉन स्टर्नबर्ग. रॉबर्ट मिचम आणि जेन रसेल. सँडल फेकते ती रसेल, लागते ती मिचमला. नंतर त्याचं पाकीट मारतेही तीच. त्यामुळे तो पासपोर्टाशिवाय मकावला उतरतो आणि अड्डेवाल्याला वाटतं, नवा पोलीस तो हाच. सगळा घोळ त्यातून होतो.

बाबांच्या आठवणीत दोन पोलीस एक झालेत. पहिला सुरुवातीलाच सुऱ्याने मारला जातो आणि त्याचं प्रेत पाण्यातून काढतात. विक्रेता बनून आलेला दुसरा, विल्यम बेंडिक्सने केलाय. जाळ्यांत मरतो तो हा, आणि तेही मिचम समजून. साठ वर्षांनी असं होणारच, दोघंही एकाच कामावर आले आणि दोघंही पाण्याकाठीच गेले.

तीन मैलांचं म्हणाल तर मकाव पोर्तुगीजांच्या ताब्यात (ते पार १९९९ पर्यंत), तिथे न्यूयॉर्कच्या पोलिसाला अटक करता येत नाही. अड्डेवाल्याला किनाऱ्यापासून तीन मैलांपलीकडे, खुल्या समुद्रात काढलं तरच तो हाती लागणार. म्हणून हिऱ्यांच्या हाराचं आमिष. पुढचं सांगत नाही, बाबांसोबत बघा.

प्रतिसाद:

नुसतं 'मकाव' शोधलंत तर पर्यटनाचे व्हिडिओ येतील. साल आणि मिचमचं नाव जोडा. चित्रीकरण १९५० मध्ये झालं, पण निर्मात्या कंपनीचा मालक हॉवर्ड ह्यूजेस याला ते पटलं नाही, म्हणून निकोलस रेकडून काही भाग पुन्हा काढून घेतले. त्यामुळे कथा मधेच सांधे बदलते, बाबा गोंधळले तर त्यांचा दोष नाही. जाळ्यांचा प्रसंग मात्र स्टर्नबर्गचा वाटतो, एकेक सावली मोजून ठेवलेली. तो बघताना खोलीतला दिवा बंद करा, पडद्यावर अंधार फार आहे. लांबी दीड तासाहून कमी, म्हणजे डोळ्यांना ताण नाही.

धागाकर्ती:

तुम्हा दोघांचे मनापासून आभार! प्रतिसाद मोठ्याने वाचून दाखवले. मिचमचं नाव ऐकताच म्हणाले, "तो झोपाळू डोळ्यांचा!" दोन पोलिसांचं ऐकून जरा वेळ गप्प बसले, मग म्हणाले, "म्हणजे पहिल्याला मी इतकी वर्षं जिवंत धरून होतो."

सिनेमा मिळालाय. नवा चष्मा शुक्रवारी येणार आहे, त्याआधी लावू नकोस असं बजावलंय.