जनमत कौल उलटा लागला असता तर? यंत्राला काय कळणार!

फोंडेकर
काल इथे एकाने आपल्या विज्ञानकथेतला एआय प्रकल्प मांडला. जुन्या नोंदी वाचून ते यंत्र काळाच्या बदललेल्या वाटा काढून देतं म्हणे. उदाहरण 16 जानेवारी 1967 च्या कौलाचं, म्हणजे गोवा महाराष्ट्रात विलीन करायचा की केंद्रशासित ठेवायचा. फूल म्हणजे विलीनीकरण, दोन पानं म्हणजे वेगळं राहणं. फूल जिंकलं असतं, तर आज गोवा महाराष्ट्राचा दुर्लक्षित जिल्हा असता, हा यंत्राचा निकाल. कथा म्हणून सोडून दिली असती. पण खाली जो तो 'बघा, थोडक्यात वाचलो' म्हणत सुटलाय.

दोन पानांना 1,72,191 मतं, फुलाला 1,38,170. म्हणजे 17,011 जणांनी शिक्का दुसरीकडे मारला असता की निकाल फिरला. यंत्र तेवढाच आकडा फिरवतं आणि माणसं होती तशी ठेवतं. अहो, ज्या गोव्याने जानेवारीत विलीनीकरण नाकारलं, त्याच गोव्याने मार्चमध्ये विलीनीकरणवाल्या महाराष्ट्रवादी गोमंतक पक्षाला, मगोला, निवडून दिलं! भाऊसाहेब बांदोडकर पुन्हा मुख्यमंत्री. हे त्या यंत्राने आधी सांगून दाखवावं.

साखळीची वाचक
त्यात गूढ काही नाही. कुळांना भाऊसाहेब हवे होते, कारण कूळ कायदा आणि गावागावातल्या मराठी शाळा त्यांनी दिल्या. पणजीची विधानसभा गेली तर आपलं गाऱ्हाणं मुंबईला न्यावं लागेल, हेही त्याच माणसांना कळत होतं.
आणि ताडून बघायला यंत्र कशाला? पत्रादेवीच्या सीमेपलीकडे महाराष्ट्रात बघा. माती तीच, दशावतार तोच. सावंतवाडी-दोडामार्गचे पेशंट आजही आपल्या बांबोळीच्या सरकारी इस्पितळात येतात. दुर्लक्षित म्हटलं तर चुकलं कुठे?

बांद्याहून
बाय, आमचा सिंधुदुर्ग जिल्हा तुमच्या प्रयोगातला उंदीर नाही. बाबांना घेऊन मी गोव्यातल्या एका इस्पितळात बसलो होतो. बाबा स्ट्रेचरवर, सलाइनची बाटली माझ्या हातात. शेजारचा माणूस मोठ्याने म्हणाला, 'ह्या लोकांमुळे आम्हाला खाटा मिळत नाहीत.' बाबांनी ऐकलं आणि तोंड भिंतीकडे फिरवलं. तुमच्या यंत्रात हे कुठे भरणार?
तिळारीचं धरण आमच्या दोडामार्गात. गावं आमची बुडाली, पाणी गोव्यात पेडणे-बार्देशलाही जातं. तुमच्या पिळर्णच्या कारखान्यांत आमची पोरं राबतात. कोण कोणाच्या जिवावर जगतंय ते एकदा ठरवा.

पेडण्यातला शेतकरी
तिळारीत गोव्यानेही पैसा घातलाय, ते का गिळता? कालवा फुटला की माझं शेत आठ-आठ दिवस कोरडं. दुरुस्ती कोणी करायची यावर दोन सरकारांची पत्रापत्री चालते आणि मी बांधावर उभा राहून आकाशाकडे बघतो. फुकटचं पाणी म्हणू नका.

बांद्याहून
फुकटचं कोणी म्हटलं? पैसा घातलात, मान्य. बुडालेलं घर पैशात बसत नाही, एवढं तुम्हीही मान्य करा.

पेडण्यातला शेतकरी
घराचं मान्य. पण इस्पितळातल्या त्या माणसाचा राग सगळ्या गोव्यावर काढू नका.

फोंडेकर
मी नेमकं हेच म्हणतोय. 1967 ला विलीनीकरण झालं असतं तर तिळारी दोन राज्यांचा प्रकल्प झालाच नसता. धरण कुठे बांधलं असतं, कोणाचं गाव गेलं असतं, सगळंच वेगळं. सिंधुदुर्ग 1981 ला रत्नागिरीतून वेगळा झाला, तोही झाला असता का? मग आजचा सिंधुदुर्ग दाखवून 'गोवा असाच झाला असता' कसं म्हणता? शेजारीही बदलला असता ना!

साखळीची वाचक
शेजाऱ्याचा मुद्दा नाइलाजाने मान्य. दुर्लक्षित हा शब्दही मागे घेते. पण यंत्र नको हे मात्र पटत नाही. आमच्या घरी दर चतुर्थीला काका विलीनीकरण झालेला सुखी गोवा रंगवतात आणि आत्या उद्ध्वस्त गोवा. दोघांना कोणी विचारत नाही, कशावरून? यंत्राला निदान काय धरून चाललंय ते लिहावं लागेल.

फोंडेकर
मग ते आधी लिहू दे, निकाल नंतर. कालच्या कथेत नुसता निकाल होता, आणि लोक त्यावरच नाचतायत.